शोलेतली मावशी : लीला मिश्रा



मागच्या महिन्यात आमच्या गटाची बैठक होती. हप्ते जमा झाले, वही लिहून झाली, चहा यायला जरा वेळ होता. मी सहज विचारलं, शोलेतली बसंती कोण गं? सगळ्या एका सुरात म्हणाल्या, हेमामालिनी. गब्बर कोण? अमजद खान. हात तुटलेला ठाकूर? संजीवकुमार. मग मी विचारलं, आणि बसंतीची मावशी? सगळ्या हसल्या. एकीनं डोक्यावरचा पदर सारखा केला, भुवया वर चढवल्या आणि तिची नक्कलही करून दाखवली. अगदी हुबेहूब. पण नाव कुणाला येईना. शेवटी एक आजी म्हणाल्या, "अगं, मावशीच की ती. मावशीला आणखी काय नाव असतं?"

बघा, दोनशेहून जास्त सिनेमांत काम केलेली बाई. पन्नास वर्षं कॅमेऱ्यासमोर उभी राहिली. तिचा चेहरा आपल्या घरातल्या माणसासारखा ओळखीचा, आणि नाव कुणालाच माहीत नाही. तिचं नाव लीला मिश्रा. आज मी तुम्हाला लीलाबाईंची गोष्ट सांगणार आहे. ती आपल्या नाशिकपासूनच सुरू होते, हे मलाही पूर्वी माहीत नव्हतं.

पण त्याआधी थोडं मागे जाऊ या.

आपल्या देशातला पहिला मोठा सिनेमा, 'राजा हरिश्चंद्र', दादासाहेब फाळक्यांनी १९१३ साली काढला. फाळके मूळचे त्र्यंबकेश्वरचे. त्या सिनेमात हरिश्चंद्राची राणी तारामती होती एक पुरुष. साळुंके नावाचा माणूस, मुंबईत एका खानावळीत स्वयंपाकी होता. फाळक्यांनी बाई शोधायला जंग जंग पछाडलं, जाहिराती दिल्या, नाचगाणं करणाऱ्या बायकांच्या दारातही गेले. कुणी तयार झालं नाही. मग या साळुंक्यांना साडी नेसवली. पुढे 'लंकादहन'मध्ये तर हेच साळुंके राम आणि हेच सीता! सिनेमात काम करणं ही बाईनं करायची गोष्ट नव्हे, असं घरंदाज लोक मानायचे, आणि ज्यांना घरंदाज म्हणत नसत त्या बायकाही मानायच्या.

एक गंमत सांगते. पडद्यावर बाई नव्हती, पण पडद्यामागे होती. फाळक्यांच्या पत्नी सरस्वतीबाई सगळ्या मंडळींचा स्वयंपाक करायच्या, फिल्मच्या कडेची भोकं पाडायच्या, फिल्म धुवायला मदत करायच्या, वेळ आली तेव्हा अंगावरचे दागिनेही त्यांनी दिले. तरी आपण म्हणतो, सिनेमा दादासाहेबांनी काढला.

त्याच १९१३ साली 'मोहिनी भस्मासुर'मध्ये पहिल्यांदा बायका पडद्यावर आल्या. दुर्गाबाई कामत पार्वती झाल्या आणि त्यांची लहानगी मुलगी कमळा मोहिनी झाली. नवऱ्यापासून वेगळ्या झालेल्या दुर्गाबाई लेकीला घेऊन नाटक कंपनीबरोबर फिरत पोट भरत होत्या. म्हणजे ज्या बाईला मागे वळायला घर नव्हतं, ती पहिली पुढे गेली. कमळा म्हणजेच पुढच्या कमलाबाई गोखले. विक्रम गोखल्यांची आजी.

आता लीलाबाईंकडे येऊ. त्यांचं घर मात्र मजबूत होतं. तिकडे उत्तर प्रदेशात रायबरेलीजवळ जायस नावाचं गाव आहे. 'पद्मावत' लिहिणारे मलिक मुहम्मद जायसी याच गावचे. तिथं अवधी बोलतात, तुलसीदासांच्या रामायणाची भाषा. लीलाबाईंचा जन्म १९०८ सालचा. माहेर जमीनदारांचं, सासरही जमीनदारांचं. बाराव्या वर्षी लग्न झालं. सतरा वर्षांच्या होईतो पदरात दोन मुली. इथपर्यंतची गोष्ट आपल्या आज्या-पणज्यांचीच आहे, त्यात नवीन काही नाही.

नवीन होतं ते एवढंच, की त्यांचे यजमान रामप्रसाद मिश्रा यांना सिनेमाचा नाद होता. ते मूकपटांत छोटी-मोठी कामं करायचे. मूकपट म्हणजे बिनबोलीचा सिनेमा. १९३१ साली 'आलम आरा' आला आणि चित्रं बोलायला लागली. मग कंपन्यांना नुसती दिसणारी नाही, तर नीट बोलणारीही माणसं लागायला लागली.

फाळक्यांच्या नाशिक सिनेटोन कंपनीसाठी काम करणारे मामा शिंदे नावाचे गृहस्थ होते. त्यांची नजर लीलाबाईंवर गेली. त्यांनी रामप्रसादांना गळ घातली, तुम्ही काम करताच, बाईंनाही करू द्या. आता लक्षात घ्या, विचारलं कुणाला? नवऱ्याला. तो काळच तसा होता. रामप्रसाद तयार झाले आणि दोघं नवरा-बायको नाशिकला आली.

इथं पगाराचा आकडा ऐका. रामप्रसादांना महिना १५० रुपये, आणि लीलाबाईंना महिना ५०० रुपये!

मी बैठकीत हे सांगितलं तेव्हा दोघी-तिघींनी चहाचा कप खाली ठेवला. बाईला पुरुषाच्या तिप्पट, आणि वर पन्नास! आपल्याकडे रोजंदारीवर बाईला पुरुषापेक्षा कमी मिळतं, हे काय मी तुम्हाला सांगायला हवं? पण हा बाईचा मान होता असं समजू नका. कांद्याच्या लावणीचे दिवस आठवा. सगळ्या शिवारात एकदम लावणी निघते, बाया मिळत नाहीत, मग शेतकरी स्वतः गाडी घेऊन दारात येतो आणि मजुरी वाढवून देतो. लावणी सरली की भाव पुन्हा खाली. तसंच ते होतं. सिनेमात काम करायला घरंदाज बाई मिळत नव्हती, म्हणून तिला भाव होता. रामप्रसादांसारखे पुरुष पुष्कळ होते.

तेवढ्यात कोपऱ्यातून आमच्या एका अक्कांनी विचारलं, "ताई, ते पाचशे तिच्या हातात पडायचे का?" यावर आमची बैठक अर्धा तास लांबली. कुणाचं खातं कुणाच्या नावावर आहे, एटीएमचं कार्ड कुणाच्या खिशात असतं, सगळं निघालं. ते इथं सांगत नाही, घरातलं आहे.

तर पाचशे रुपये ठरले खरे, पण काम काही जमलं नाही. कॅमेऱ्यासमोर दोघंही बुजली. आतापर्यंत परक्या माणसासमोर डोक्यावरून पदर न ढळू दिलेली बाई, तिला एकदम दिव्यांच्या झोतात उभं केलं आणि सांगितलं, बोला. कसं जमणार? कंपनीनं दोघांचा करार रद्द केला. नाशिकहून दोघं रिकाम्या हातानं परतली.

दुसरी संधी कोल्हापूरची. कोल्हापूरच्या महाराजांच्या मालकीची एक कंपनी 'भिकारिन' नावाचा सिनेमा काढत होती. लीलाबाईंना त्यात काम देऊ केलं. एका ठिकाणी नटाच्या गळ्यात हात टाकून संवाद म्हणायचा होता. लीलाबाई म्हणाल्या, जमणार नाही. हा माझा नवरा नव्हे, मी याच्या गळ्यात हात टाकणार नाही. समजावून सांगितलं असेल, रागावलेही असतील. बाई हलली नाही. काम गेलं.

तिसरी वेळ 'होनहार' सिनेमाची, १९३६च्या सुमाराची. या वेळी तर त्या चक्क नायिका, आणि नायक शाहू मोडक. मोडक आपले अहमदनगरचे, ख्रिस्ती घरातले, गोड चेहऱ्याचे. पुढे 'संत ज्ञानेश्वर'मध्ये ज्ञानेश्वर झाले, आणि कृष्ण तर इतक्या सिनेमांत झाले की लोक त्यांना पडद्यावरचा कृष्णच समजायचे. तर या मोडकांना मिठी मारायचा प्रसंग आला. लीलाबाईंचं उत्तर तेच, नाही.

आता कंपनीनं त्यांना सरळ घरी पाठवलं असतं. पण मधे आला करार. कायद्याच्या दृष्टीनं कंपनीची बाजू लंगडी होती, त्यामुळे बाईंना काढून टाकता येईना. काम तर द्यायलाच हवं, आणि नायिकेचं काम तर ही करत नाही. मग कुणाला तरी सुचलं, हिला मोडकांची आई करा. आईनं लेकाला जवळ घेतलं तर त्याला कोण काय म्हणणार?

लीलाबाई आई झाल्या, आणि लोकांना ती आई पटली. जी बाई कॅमेऱ्यासमोर बुजत होती ती आईच्या लुगड्यात मोकळी झाली. ज्या वयात बाकीच्या नट्या नायिका व्हायला धडपडायच्या, त्या वयात या केस पांढरे करून म्हातारीच्या कामाला लागल्या. आणि पुढची पन्नास वर्षं त्यांना काम कमी पडलं नाही.

इथं मला जरा थांबावंसं वाटतं. ही गोष्ट आपल्याकडे सांगताना लोक पटकन म्हणतात, बघा, कशी मर्यादेनं राहिली, म्हणून देवानं भलं केलं. मला ते तितकंसं पटत नाही. ज्या बायका नायिका झाल्या, ज्यांनी कामाचा भाग म्हणून नटाचा हात धरला, त्या काही कमी घरंदाज नव्हत्या. दुर्गाबाई लेकीला घेऊन उभ्या राहिल्या नसत्या तर लीलाबाईंना नाशिकचं बोलावणं कधी आलं असतं? आणि लीलाबाईंचा तो नकार त्यांच्या मनातला किती आणि सासरच्या वाड्यातला किती, हे कोण सांगणार? पण एक मात्र खरं. समोर मालक उभा, कंपनी मोठी, पैशाची गरज, नवरा बाजूला, आणि तरी बाईनं माझं अंग, मी ठरवणार असं म्हटलं. एकदा काम गेलं तरी दुसऱ्यांदा पुन्हा तेच म्हटलं. नाही म्हणायची ताकद लागते ती अशा वेळी. आणि त्या नकाराला आधार मिळाला कागदाचा. तोंडी बोली असती तर दुसऱ्याच दिवशी टांगा बोलावून रवानगी झाली असती.

याची किंमतही त्यांनी मोजली. नायिकेचं नाव पाटीवर मोठ्या अक्षरांत येतं, आईचं खाली बारीक. नायिकेचे फोटो कॅलेंडरवर छापतात, मावशीचे कोण छापणार? आणि वयाचा हिशेब तर विचारूच नका. १९४६ साली मेहबूब खानांचा 'अनमोल घडी' आला, नूरजहाँ, सुरैया आणि सुरेंद्र यांचा. त्यात लीलाबाई सुरेंद्रची आई. सुरेंद्र त्यांच्यापेक्षा फार तर दोन-तीन वर्षांनी लहान असेल! योगायोग पाहा, त्या सिनेमातही एक बसंती होती, सुरैयानं केलेली. पुढची बसंती भेटायला लीलाबाईंना आणखी २९ वर्षं लागायची होती.

१९५१ साली राज कपूरचा 'आवारा' आला. त्यात दोन लीला आहेत, एक लीला मिश्रा आणि दुसऱ्या लीला चिटणीस. दोघी जवळजवळ एकाच वयाच्या. लीला चिटणीस आपल्या मराठी, शिकलेल्या. लहान वयात लग्न, मुलं, मग नवऱ्यापासून वेगळं होणं, आणि मुलांना वाढवण्यासाठी सिनेमात येणं. 'कंगन', 'बंधन', 'झूला' या सिनेमांत त्या अशोककुमारच्या नायिका होत्या. साबणाच्या जाहिरातीत सुद्धा झळकल्या. पण चाळिशी जवळ आली तसं त्यांनाही आईच व्हावं लागलं. 'आवारा'त त्या राज कपूरची आई आहेत. म्हणजे एक लीला वरच्या दारानं आत आली, दुसरी मागच्या दारानं, आणि दोघी शेवटी एकाच माजघरात भेटल्या.

'आवारा'ची गोष्ट तुम्हाला आठवत असेल. जज्जसाहेबांच्या बायकोला डाकू पळवून नेतो आणि काही दिवसांनी सोडून देतो. ती घरी येते, तिला दिवस गेलेले असतात, आणि घरात कुजबुज सुरू होते. ती कुजबुज जज्जाच्या कानात कोण घालतं? त्याची भावजय. ती भावजय म्हणजे लीला मिश्रा. भर पावसात एका गरोदर बाईला घराबाहेर काढलं जातं आणि ते व्हायला दुसऱ्या बाईची जीभ कारण होते. हे काम बघून मला त्यांचा राग आला होता. नंतर लक्षात आलं, राग आला म्हणजे काम चांगलं झालं. एरवी त्यांना आपण प्रेमळ मावशी म्हणून ओळखतो, पण त्या खाष्ट काकी, लावालावी करणारी भावजय, सगळं करायच्या. घरोघरी असतात तशा.

मधल्या सिनेमांची नुसती नावं घेते. 'लाजवंती', 'दोस्ती', दिलीपकुमारचा 'राम और श्याम'. साठच्या दशकाच्या सुरुवातीला भोजपुरी भाषेतला पहिला सिनेमा निघाला, 'गंगा मैया तोहे पियरी चढइबो', विधवेच्या पुन्हा संसाराची गोष्ट. त्यातही लीलाबाई होत्या. त्यांच्या बोलण्यात तो गावाकडचा हेल होता ना, तो शिकवून येत नाही. मुंबईच्या शिकलेल्या नट्या खेडवळ बोलायला गेल्या की ते बेगडी वाटायचं. लीलाबाई तोंड उघडायच्या आणि समोर अंगण, चूल, ओसरी उभी राहायची. ज्या बोलीपायी लोक आपल्याला अडाणी म्हणतात, तीच त्यांची भाकरी झाली.

पुढे १९७७ साली सत्यजित राय यांच्यासारख्या मोठ्या दिग्दर्शकानं 'शतरंज के खिलाडी' काढला. लखनौच्या नवाबीची गोष्ट, मुन्शी प्रेमचंदांची. दोन रईस दिवसरात्र बुद्धिबळ खेळत बसतात आणि तिकडे राज्य इंग्रजांच्या घशात जातं. त्यात शबाना आझमीच्या बेगमेची म्हातारी दासी हिरिया म्हणजे आपल्या लीलाबाई. काम लहानसंच. पण नवऱ्याची वाट बघून कंटाळलेली बाई आणि तिचं सगळं मुकाट जाणणारी दासी, या दोघींमधलं जे न बोलता चालतं, ते आपल्या बायकांना लगेच कळतं.

आता येऊ शोलेकडे. १५ ऑगस्ट १९७५ला शोले लागला. मुंबईच्या मिनर्व्हा थिएटरात तो पाच वर्षं चालला. आपल्याकडे मात्र तो उशिरा आला. जत्रेतल्या तंबूत, मातीवर बसून, मधे रीळ तुटलं की शिट्ट्या. काहींनी तर आधी नुसता ऐकला. शोलेच्या संवादांच्या तबकड्या निघाल्या होत्या आणि लग्नाच्या मांडवात, गणपतीत कर्ण्यावर त्या वाजायच्या. पोरांना अख्खा सिनेमा न बघताच पाठ होता.

त्यातला मावशीचा प्रसंग तुम्ही सगळ्यांनी पाहिलाय. वीरूला बसंती आवडलेली असते, म्हणून त्याचा दोस्त जय सोयरीक घेऊन मावशीकडे जातो. बायांनो, तो प्रसंग म्हणजे आपल्या घरातला कांदेपोह्यांचा कार्यक्रमच नाही का? मुलीला आई-बाप नाहीत, सांभाळणारी एक म्हातारी मावशी. ती विचारते ते आपण सगळ्याच विचारतो. मुलगा काय करतो, कमावतो का, काही व्यसन-बिसन? आणि जय प्रत्येक वेळी मित्राचं कौतुक करत करत त्याचा एकेक दुर्गुण बाहेर काढतो. कमावतो, पण रोज नाही, कारण जुगारात रोज जिंकत नाही. जुगार तसा वाईट नाही, दारूच्या नशेत खेळतो इतकंच. आणि दारू कुठे, तर नाचणारणीच्या कोठीवर. थिएटर हसून लोटपोट.

पण हसू कुणामुळे येतं ते नीट बघा. अमिताभ बच्चन तोंड वाकडं न करता बोलतो हे खरं, पण लीलाबाई जराही गंमत करत नाहीत. त्यांना ठाऊकच नाही की हा विनोद चाललाय. पोरीच्या आयुष्याचा प्रश्न आहे, त्या जीव लावून ऐकतायत. आधी थोडी आशा, मग कपाळावर आठी, मग डोळे मोठे, मग संताप. शेवटी सांगतात की पोर बिनलग्नाची राहिली तरी चालेल, पण असल्याच्या गळ्यात बांधणार नाही. त्यांनी हे गमतीत केलं असतं तर तो प्रसंग पडला असता. १९७५ साली लीलाबाई ६७ वर्षांच्या होत्या. शोलेत एवढे मोठमोठे नट आहेत, घोडे आहेत, बंदुका आहेत, आगगाडी आहे. त्या सगळ्यात ही म्हातारी पाच मिनिटांत आपली जागा करून घेते.

त्यानंतर तो पाण्याच्या टाकीचा प्रसंग. वीरू दारू पिऊन टाकीवर चढतो, उडी मारतो म्हणतो, सारा गाव गोळा होतो आणि गावाच्या भीडेपोटी मावशी हो म्हणते. लहानपणी मी यावर खूप हसायचे. आता तितकं हसू येत नाही. लग्नाला हो म्हणावं म्हणून जीव द्यायची धमकी देणारे वीरू आपण आपल्या गावात पाहिलेत, आणि त्यापायी गप्प बसलेल्या मावश्याही. सिनेमात वीरू मनानं चांगला निघतो हे बसंतीचं नशीब. मावशीनं आधी केलेली चौकशी मात्र अगदी बरोबर होती.

शोलेनंतर लीलाबाई साऱ्या देशाच्या मावशी झाल्या. आणि सत्तरी ओलांडल्यावर त्यांना एकाहून एक कामं मिळाली, ही मला सगळ्यात आवडणारी गोष्ट. आपल्या सई परांजप्यांनी १९८१ साली 'चश्मेबद्दूर' केला. त्यात दीप्ती नवलची आजी लीलाबाईच. नातीचं जमावं म्हणून पोरांच्या खोट्या पळवापळवीच्या बेतात सामील होणारी आजी! दोन वर्षांनी सईबाईंनीच 'कथा' केला, 'ससा आणि कासव' या मराठी नाटकावरून. मुंबईची चाळ, नळावरची भांडणं, आणि त्या चाळीतली आजी पुन्हा लीलाबाई. उत्तर प्रदेशातली बाई मराठी चाळीत अशी रुळली की कुठं उपरी वाटली नाही. 'नानी माँ' नावाच्या सिनेमात तर नावातलंच मुख्य काम त्यांचं होतं, वय ७३. मिठी मारणार नाही म्हणून जिचं नायिकेचं काम गेलं होतं, तिच्या नावानं पंचेचाळीस वर्षांनी सिनेमा निघाला.

'नदिया के पार' तुम्हाला आठवतो का? १९८२चा. आपला सचिन पिळगावकर त्यात चंदन झाला होता. पुढे 'हम आपके हैं कौन' निघाला तो याच गोष्टीवरून. पण मला विचाराल तर 'नदिया के पार'च गोड. बैलगाडी, नदी, लग्नाची गाणी, आणि लीलाबाई काकी. कितीतरी वर्षांनी त्यांना कॅमेऱ्यासमोर आपल्या माहेरच्या मुलखासारखं बोलायला मिळालं. १९८४ साली 'अबोध' आला, चालला नाही, पण त्यात एक नवी मराठी मुलगी होती, माधुरी दीक्षित. तिच्या त्या पहिल्या सिनेमातही या होत्या. पहिल्या बोलपटांपासून माधुरीपर्यंत, एवढं मोठं अंतर या बाईनं चालून काढलं.

तोवर टीव्ही गावात पोचला होता. आमच्या गावात पहिला टीव्ही ग्रामपंचायतीत आला, लाकडी दाराचा, कुलूप लावायचा. रविवारी संध्याकाळी सिनेमा लागायचा. बाया भाकरी लवकर उरकून यायच्या, मागच्या बाजूला भिंतीला टेकून बसायच्या. नट-नट्या दर रविवारी वेगळ्या, पण ही बाई परत परत दिसायची. माझी आई म्हणायची, "आली बघ, आपली मावशी आली." तंबूत जे लोक जाऊ शकले नाहीत, म्हणजे मुख्यतः बायकाच, त्यांना लीलाबाई टीव्हीनंच भेटवल्या.

१७ जानेवारी १९८८ला मुंबईत हृदयविकारानं लीलाबाई गेल्या. वय ८०. तो दिवस रविवारचा होता. ते दिवस टीव्हीवरच्या रामायणाचे. रविवारी सकाळी साडेनऊला रस्ते ओस पडायचे, सगळा गाव एका पेटीसमोर. लीलाबाई गेल्याचं आमच्या गावात कुणाला कळलं नाही. कळलं असतं तरी लीला मिश्रा कोण, असंच विचारलं असतं.

बैठकीत ही सगळी गोष्ट सांगून झाली तेव्हा त्या सुरुवातीच्या आजी काही बोलल्या नाहीत. आमच्या गटात त्यांना सगळे आजीच म्हणतात, वहीतही कुणीतरी तसंच लिहिलं होतं. जाताना त्या वही लिहिणाऱ्या पोरीजवळ थांबल्या. म्हणाल्या, "माझं नाव द्वारकाबाई आहे गं. ते लिही तिथं."

बरंय मैत्रिणींनो, येते आता. नमस्कार.